उतू गेलेलं दूध

आज सकाळी पुन्हा दूध उतू गेलं. जळक्या सायीचा खरपूस वास घरभर दरवळला, आणि चिडायचं सोडून मी एकटीच हसत उभी राहिले. आमच्या भाकरीवाल्या मावशी आठवल्या.

मंगळवेढ्याकडच्या या मावशी शुक्रवार पेठेत कडक भाकऱ्या विकायच्या. राहायच्या कुठं, हे मात्र त्यांनाही नक्की सांगता येत नसे. कधी बंद गिरणीच्या भिंतीला टेकवलेलं पाल, कधी कुणाच्या अर्धवट बांधकामाची राखण. रस्ता रुंद व्हायचा, बांधकाम पुरं व्हायचं, आणि मावशींची तीन दगडांची चूल पुन्हा उठायची. दर वेळी निरोप घेताना मी विचारायची, "मावशी, आता कुठं भेटाल?" भाड्याच्या खोलीसाठी मीही त्यांच्याबरोबर पुष्कळ हिंडले. एका घरमालकानं विचारलं, "कायमचा पत्ता काय?" मावशी म्हणाल्या, "तुमी खोली दिली की सांगते." मला हसू आवरेना, खोली अर्थातच मिळाली नाही. त्यांना फार काही नको होतं. आतून कडी लावता येईल असं एक दार हवं होतं, जिथून कुणी उठवणार नाही.

ते दार अखेर घरकुलाच्या सोडतीत मिळालं, अक्कलकोट रोडकडं. गृहप्रवेशाला आम्ही पेठेतल्या बायका जमलो. नव्या शेगडीवर दूध ठेवलं. शकुनाचं दूध उतू जायचं म्हणून सगळ्यांचे डोळे पातेल्यावर. साय फुगली, काठाशी आली, आणि मावशींनी झटकन पदरानं पातेलं उतरवून घेतलं!

"अवं, जाऊ द्या की!" आम्ही एकदम ओरडलो.

"हात आपसूक गेला वो," मावशी ओशाळल्या. "आजवर थेंब सांडू दिला न्हाय की."

हसून हसून आमची पोटं दुखली. दुसऱ्यांदा मात्र मी त्यांचे दोन्ही हात घट्ट धरून ठेवले. दूध भरभरून ओसंडलं, शेगडीवरून ओट्यावर आलं, आणि मावशी हसता हसता रडू लागल्या. इतका आनंद मला माझ्या स्वतःच्या घराच्या वेळीही झाला नव्हता.

निघताना माझ्याही तोंडून सवयीनं निघून गेलं, "मावशी, आता कुठं भेटाल?"

"हितंच की!" म्हणाल्या, आणि आपलाच शब्द नव्यानं ऐकल्यासारख्या क्षणभर थबकल्या. मग सावकाश म्हणाल्या, "कवाबी या, ताई. मी हितंच हाय."

त्यानंतर शहर किती पालटलं. गिरणीची ती भिंतही आता उरली नाही. ओटा पुसता पुसता मनात आलं, बऱ्याच दिवसांत मावशींकडं जाणं झालेलं नाही. आज जावं. आता त्यांना शोधावं लागत नाही.