पाखरं हाकलणारे मोठेबाबा

आमच्या मोठेबाबांना, म्हणजे वडिलांच्या थोरल्या भावाला, हळू बोलताच येत नसे. एकदा त्यांनी शेजारच्या काकूंच्या कानात सांगितलं, "कोनाले सांगू नको, रमेशच्या पोरीची सोयरीक मोडली." ते ऐकून पारावर बसलेला रमेश उठून आमच्या दारात भांडायला आला. आमच्या उंद्री गावात त्यांना सगळे भोंगा म्हणत, आणि तेही तोंडावर.

या गळ्याचं चीज शेतात व्हायचं. ज्वारीची कणसं भरली की मोठेबाबा माळ्यावर, म्हणजे शेतातल्या मचाणावर, चढत आणि "हाऽऽ हुर्रऽऽ" अशी आरोळी ठोकत. भोरड्यांचा अख्खा थवा आमचं शेत सोडून बाजूच्या शेतात उतरे. बाजूचा शेतकरी शिव्या घाले आणि मोठेबाबांना त्या शिव्यांचाही अभिमान वाटे. "गोफन कशाले पाह्यजे? माह्या गळ्यातच आहे," असं म्हणायचे.

अशा माणसाला पाखरांच्या सिनेमात कोण नेईल? पण न्यावं लागलं. मी अकरावीत होते. पुण्याहून एक दाढीवाला दिग्दर्शक चार मित्र आणि एक कॅमेरा घेऊन आमच्याकडे आला होता. दुर्बिणी घेऊन रानात हिंडणारी चार पोरं, त्यांची दोस्ती, त्यांची भांडणं, त्यांचं मोठं होणं, अशी गोष्ट. त्यानं मला सगळ्या पाखरांची नावं येणाऱ्या मुलीचं काम दिलं. मला खऱ्या आयुष्यात कावळा आणि चिमणी, एवढंच येत होतं. पण ते काम मला जीव गेला तरी हवं होतं.

बाबा शाळेत क्लार्क. लोक काय म्हणतील या धाकात अख्खा जन्म गेलेला. "पोरायसंगं रानात? नाही म्हंजे नाही." तेव्हा मोठेबाबा म्हणाले, "मी जातो ना तिच्यासंगं." थोरल्या भावापुढे बाबांचं चालेना. मग असं ठरलं की रोज संध्याकाळी मोठेबाबांनी दिवसभराचं सगळं सांगायचं आणि काही वावगं निघालं की त्याच दिवशी माझा सिनेमा बंद.

पहिल्याच दिवशी घोळ. आम्ही बांधाआड दुर्बिणी लावून बसलेलो. दिग्दर्शक श्वास रोखून उभा. ज्याची सकाळपासून वाट पाहिली तो भोरड्यांचा थवा अखेर ज्वारीवर उतरला, आणि पाठीमागून "हाऽऽ हुर्रऽऽ!" वर दोन ढेकळंही आली. आवाज टिपणाऱ्या पोरानं कानांवरचे हेडफोन उपसून फेकले.

"काका, हे काय केलंत?" दिग्दर्शक रडकुंडीला आला.

"अबे, ज्वारी खाऊन राह्यले ना ते! दिसत नाही का तुले?"

"खाऊ द्या. शेतमालकाला भरपाई दिलीय आम्ही."

"पैसे देऊन पाखरं चारून राह्यला तू?" मोठेबाबा थक्क झाले. "तुह्या बापाले माहीत आहे का बे?"

त्यांना गप्प बसवायला दिग्दर्शकानं हातात एक दुर्बीण दिली. तीही अंगाशी आली. मोठेबाबांना तिच्यातून पाखरू दिसलं नाही, आमच्या हरभऱ्यात शिरलेली नामदेवची बकरी दिसली. पुढचं मी सांगत नाही. बकरीही पळाली आणि नामदेवही.

खरी पंचाईत पुढे झाली. सिनेमातला माझा मित्र गाव सोडून जातो, मी रडते आणि तो माझा हात धरतो, असा प्रसंग होता. मित्राचं काम करणारा पोरगा मेहकरचा. भीतीनं त्याचा हात घामानं चिंब. मोठेबाबा समोरच बांधावर बसून टक लावून पाहत होते. काम संपलं, तसे ते उठून घराच्या वाटेला लागले. अर्धा सिनेमा व्हायचा होता. वाटेत मी हात जोडले, "मोठेबाबा, बाबाले नका सांगू ना."

"काऊन? चोरी केली का तू?"

संध्याकाळी बाबांनी अंगणात नेहमीचा प्रश्न विचारला. मोठेबाबांनी घसा साफ केला. "आज त्या मेहकरच्या पोरानं हिचा हात धरला!"

गल्लीतल्या शांताबाईंचं भांडी घासणं थांबलं. बाबांचा चेहरा पांढराफटक. "दादा, हळू ना. लोक ऐकून राह्यले."

"ऐकू दे! सिनेमात धरला, माह्या डोळ्यादेखत धरला. अन् पोरगी अशी रडली का मलेही रडू आलं. ए शांताबाई, नीट ऐकलं ना? उद्या इचारू नको." मग बाबांकडे वळले. "सुध्या, लोक काय म्हनतीन म्हनून भेतं ना तू? लोकायले मीच सांगतलं. आता काय म्हनतीन? लपवलं का चहाडी होते बे. वरडून सांगतलं का नुसती बातमी."

आणि खरंच, दुसऱ्या दिवशी गावात कोणी चकार शब्द काढला नाही. चघळायला काही उरलंच नव्हतं. बाबा दोन दिवस फुगून बसले, पण मला अडवलं नाही. पुढे मी बीएस्सीला नापास झाले, तेव्हा तेही दारात उभं राहून जोरात सांगून टाकलं. शांताबाईंची फार निराशा झाली.

सिनेमा तयार व्हायला मात्र वर्षं गेली आणि तेवढ्या काळात मोठेबाबाच गेले. बुलढाण्याच्या दवाखान्यात डॉक्टरांनी त्यांना बोलायला मनाई केली होती. "न बोलता जगायले मी काय मासोळी आहे का?" असं त्यांनी डॉक्टरांना विचारलं. ते अख्ख्या वॉर्डानं ऐकलं. फार आठवण येते या माणसाची. घर आता कसं शांत शांत असतं आणि ती शांतता मला अजिबात आवडत नाही.

यंदा सिनेमा गावात दाखवला, बाबांच्याच शाळेत, खिडक्यांना सतरंज्या लावून. हात धरायचा प्रसंग आला आणि मागच्या रांगांत कुजबुज, खिदळणं सुरू झालं. मी मान खाली घातली. तेवढ्यात पुढच्या रांगेतून बाबा उठले. चारचौघांत कधी तोंड न उघडलेला माणूस. पडद्यावर त्यांची सावली पडली.

"हाव, माह्याच पोरीचा हात धरला त्यानं," बाबा ओरडले. "माह्या भावानं तवाच सांगतलं होतं सगळ्यायले. आता गप बसा अन् पाहू द्या!"