ढमढेरे सरांची एकच रांग

कुठल्याही रांगेत उभं राहिलं की ढमढेरे सर आधी पुढची माणसं मोजायचे आणि मग मागे वळून कुणी घुसत नाही ना ते बघायचे. आयर्लंडमधल्या कॉर्कच्या आमच्या हॉस्पिटलात त्यांची माझी पहिली भेट झाली ती कँटीनमध्ये. वॉर्डातून फोनवर फोन येत होते, म्हणून मी एका नर्सच्या पुढे जाऊन सँडविच उचललं. मागून खणखणीत मराठी ऐकू आलं, "बाई, तुमचा नंबर सातवा आहे." माझ्या गळ्यातल्या ओळखपत्रावरचं आडनाव त्यांनी वाचलं होतं. मी म्हटलं, "सर, इमर्जन्सी आहे." ते म्हणाले, "इमर्जन्सी असती तर सँडविच सुचलं नसतं." मी मुकाट्याने मागे जाऊन उभी राहिले. संताप आला होता, पण आठ महिन्यांनी कुणीतरी मराठीत रागावलं याचं बरंही वाटलं.

शिरीष ढमढेरे साताऱ्याकडचे. नव्वदच्या दशकात इंग्लंडला गेले. तिथली परीक्षा तिसऱ्या खेपेला पास झाले, वर्षभर बिनपगारी उमेदवारी केली आणि मग सहा-सहा महिन्यांच्या नोकऱ्या करत आठ वर्षांत अठरा घरं बदलली. शेवटी वुल्व्हरहॅम्प्टनला स्थिरावले, पण मोठ्या हुद्द्यापर्यंत कधी पोचले नाहीत. युरोपातले डॉक्टर मात्र ती परीक्षा न देता येत आणि त्यांच्या पुढे निघून जात. "मी पुढच्या दाराने आलो, घंटा वाजवून. हे सगळे मागच्या दाराने," असं ते म्हणायचे. ही जखम खरी होती, ते मी नाकारणार नाही. माझी स्वतःची जखम काही वेगळी नाही.

पण त्या जखमेवर त्यांनी केलेला इलाज भयंकर होता. २०१६च्या सार्वमतात त्यांनी युरोपातून बाहेर पडण्याच्या बाजूने मत दिलं. त्यांच्या देवळाच्या हॉलमध्ये प्रचाराला आलेल्या कुणीतरी सांगितलं होतं, युरोपचं दार बंद झालं की साऱ्या जगाला एकच रांग. सरांना ते पटलं. मला समजावताना ते बोट वर करून म्हणायचे, "एकच रांग, वैशाली. पोलंडचा असो नाहीतर पाटणचा. ज्याची लायकी, त्याचा नंबर." मी म्हणायचे, "सर, शेजाऱ्याला अपशकुन व्हावा म्हणून तुम्ही आपलं नाक कापून घेतलंत." त्यावर ते हसायचे. आपलं नाक शाबूत आहे अशी त्यांची खात्री होती.

त्यांची एकुलती एक मुलगी केतकी तेव्हा बर्मिंगहॅमला टोमाश नावाच्या पोलिश मुलाबरोबर राहत होती. टोमाश लिफ्ट दुरुस्त करायचा, दहा-अकरा वर्षं इंग्लंडात होता, आणि सरांना तो आवडायचा. "हा मुलगा नियमाने वागतो," असं ते म्हणत, आणि त्यांच्या तोंडून याहून मोठं प्रशस्तिपत्र कुणाला मिळत नसे. निकालाच्या दिवशी सकाळी त्यांनी केतकीला फोन केला आणि आनंदाने म्हणाले, "केतकी, आपण जिंकलो!" टोमाश तिच्यासमोर चहा पीत बसला होता. ती म्हणाली, "बाबा, हू इज वी?" हे मला सरांनी स्वतःच सांगितलं. त्यात आपलं काय चुकलं ते सांगताना देखील त्यांना कळत नव्हतं, की कळून ते न कळल्यासारखं दाखवत होते, हे मला आजवर उमगलेलं नाही.

पुढच्या महिन्यांत टोमाशच्या व्हॅनवर कुणीतरी 'घरी जा' असं खरवडून लिहिलं. २०१७ साली ती दोघं आयर्लंडला आली आणि कॉर्कजवळ कोव्हला राहू लागली. सरांशी तिचं बोलणं वाढदिवसापुरतं उरलं. बायको जाऊन त्यांना बरीच वर्षं झाली होती. २०२०च्या जानेवारीत, ब्रिटन अधिकृतपणे बाहेर पडलं त्याच महिन्यात, ते वुल्व्हरहॅम्प्टनची नोकरी सोडून आमच्याकडे कंत्राटावर आले. कोव्हला रेल्वेने पंचवीस मिनिटं लागतात. मार्चमध्ये लॉकडाऊन आलं; घरापासून आधी दोन किलोमीटरच्या आणि मग पाचच्या पलीकडे जायला बंदी. डॉक्टरांना पोलीस सहसा अडवत नसत. मी म्हटलं, "सर, जाऊन या, कुणी विचारणार नाही." ते म्हणाले, "विचारणार नाही म्हणूनच जायचं नसतं."

जूनमध्ये बंधनं सैल झाली तेव्हा मी त्यांना माझ्या गाडीतून कोव्हला नेलं. त्यांच्या मांडीवर बिस्किटांचा एक मोठा पत्र्याचा डबा होता. मला वाटलं, लाडू असतील. केतकीने आम्हाला घरात न घेता मागच्या बागेत बसवलं. ते तेव्हाच्या नियमाला धरून होतं, त्यामुळे सरांना तक्रारीला जागा नव्हती. त्यांनी डबा उघडून टेबलावर ठेवला. आत टोमाशचे इंग्लंडातले कागद होते: भाडेकरार, विजेची बिलं, डॉक्टरकडे नाव नोंदवल्याचं पत्र. घर सोडताना पोरांनी फेकून दिलेले ते कागद सरांनी गॅरेजमध्ये जपले होते आणि वर्षवार लावले होते.

"युरोपच्या जुन्या रहिवाशांसाठी फॉर्म आहे," ते टोमाशला इंग्रजीत समजावू लागले. "पाच वर्षांहून जास्त बाहेर राहिला नाहीस तर कायमचा हक्क मिळतो. पुढच्या जूनअखेरपर्यंत मुदत आहे. तुझा नंबर जाऊ देऊ नकोस."

टोमाशने एकेक कागद नीट पाहिला. "यू आर व्हेरी गुड, शिरीष," तो म्हणाला. "बट वी आर ग्रँड हिअर." इथे 'मजेत'ला ग्रँड म्हणतात.

केतकी तोवर उभीच होती. ती इंग्रजीत जे बोलली ते मी मराठीत सांगते. ती म्हणाली, "बाबा, तुम्ही त्याला घराबाहेर काढलंत, आणि आता आत येऊ का असं विचारायचा अर्ज घेऊन आलात."

मला वाटलं, आता तरी हा माणूस म्हणेल, चुकलो. तीन अक्षरी शब्द, तेवढ्यावर सगळं मिटलं असतं. सर डब्याचं झाकण लावत म्हणाले, "अर्ज ऑनलाइन आहे. अर्ध्या तासाचं काम आहे." परतीच्या वाटेवर मी त्यांना म्हटलं, "वरातीमागून घोडं नेलंत, सर." डबा त्यांनी पुन्हा मांडीवर घेतला होता. सरांच्या पुढच्या वाढदिवसाला केतकीचा फोन आला नाही.

हिवाळ्याच्या तोंडावर मला एक पत्र आलं. स्पेशालिस्ट होण्याच्या प्रशिक्षणासाठी मी दुसऱ्यांदा अर्ज केला होता. इथला क्रम ठरलेला आहे. आधी युरोपीय युनियनचे आणि ब्रिटनचे नागरिक, मग जागा उरल्या तर आम्ही. जागा उरल्या नव्हत्या. मी ते पत्र सरांच्या पुढ्यात टाकलं आणि मनात साठलेलं सगळं ओकले. "घ्या तुमची एकच रांग! तुमचा देश युरोपातून बाहेर पडला, तरी तुमचा ब्रिटिश पासपोर्ट इथे माझ्या पुढेच उभा आहे. टोमाश तिथे मागे गेला, मी इथे मागे आहे, आणि तुम्ही दोन्हीकडे पुढे!"

त्यांनी पत्र दोनदा वाचलं, घडी घालून मला परत दिलं. "इतक्या रांगा आहेत हे मला कुणी सांगितलं नव्हतं," ते म्हणाले.

"केतकीने सांगितलं होतं, सर."

त्यानंतर 'एकच रांग' हे शब्द मी त्यांच्या तोंडून ऐकले नाहीत. डिसेंबरात ब्रिटनचा आणि युरोपचा करार झाल्याची बातमी लागली तेव्हा डॉक्टरांच्या खोलीत सगळे टीव्हीपुढे जमले होते. सर उठून चहाचे कप धुऊन प्रेसमध्ये ठेवत बसले. इथे कपाटाला प्रेस म्हणतात, आणि तो शब्द त्यांना फार आवडायचा.

जानेवारीत लाट आली आणि लसही आली. एका रविवारी दुपारी बाटलीच्या तळाशी एक डोस उरला. नर्सने सरांना हाक मारली. त्यांनी यादी पाहिली आणि म्हणाले, "माझं नाव गुरुवारी आहे." मंगळवारी त्यांना ताप भरला. डॉक्टर म्हणून मला कळतं की दोन दिवस आधी घेतलेल्या लशीने काही फरक पडला नसता. तरी मी त्यांना त्याबद्दल माफ केलेलं नाही.

व्हेंटिलेटर लावण्याआधी आम्ही माणसाला घरच्यांशी बोलू देतो. फोन मी धरला होता. केतकीला सातवा महिना होता, ती येऊ शकत नव्हती. पडद्यावर ती रडत होती. "बाबा," एवढंच म्हणून ती थांबली. ती वाट पाहत होती, आणि तिच्याइतकीच मीही. सरांनी मास्क थोडा बाजूला केला.

"जूनअखेरपर्यंत भरता येतो," ते म्हणाले. "टोमाशला सांग."

सहाव्या दिवशी ते गेले.

डबा मी टोमाशकडे पोचवला. जूनच्या शेवटच्या दिवशी मला राहवेना, म्हणून केतकीला फोन केला. मागे बाळ रडत होतं. अर्ज भरला का, एवढंच मी विचारलं.

"टोमाश भरणार होता, बाबांसाठी," ती म्हणाली. "मी भरू नाही दिला." मग एरवी माझ्याशी कायम इंग्रजीत बोलणारी ही मुलगी मोडक्या मराठीत म्हणाली, "मला एक शब्द पाहिजे होता, वैशालीताई. त्यांनी मला कागद दिले."

त्यांना तोच शब्द म्हणायचा होता, असं मी तिला सांगू शकले असते. पण तसं त्यांनी मला कधी सांगितलं नव्हतं, आणि मी खोटं बोलले असते तर ते त्यांना चाललं नसतं. डबा तिच्या गॅरेजमध्ये आहे. कागद अजून वर्षवार लावलेले आहेत.