टोनहीच्या तोंडातला बल्ब

आमच्या ह्याईले सारी कॉलनी 'डायरेक्टर टिकाराम' म्हणे. ड्युटी पोलादाच्या प्लांटात क्रेनवर, पण जीव सारा भुताच्या सिनेमात. लग्नाची शूटिंग करणाऱ्याचा व्हिडिओ कॅमेरा भाड्यानं आणायचा, गोष्ट स्वतः लिहायची. अन् भूत? भूत घरचंच, मी! "कांता, तुले मेकअप लागत नाही," म्हणत. मेली थट्टा!

असे चार-पाच सिनेमे झाल्यावर टोनहीचा काढला. इकडच्या खेड्यात बाईले टोनही, म्हणजे चेटकीण, ठरवलं का तिच्या जिवाचं काही खरं नसते. टोनहीच्या तोंडातून उजेड पडते म्हणतात, म्हणून ह्याईनं माह्या तोंडात टॉर्चचा बल्ब ठेवला, वायर केसातून पाठीवरच्या सेलले जोडली. उतईजवळच्या गावात टीव्ही लावून दाखवला, अन् गर्दी व्हावी म्हणून भोंग्यावर ओरडले, "सत्य घटना! सत्य घटना!"

मग एक दिवस आम्ही उतईच्या बाजारात भाजी घेऊन राहिलो होतो. एका बाईनं कडेवरचं लेकरू पदराखाली झाकलं. "एहीच टोनही आय!" सिनेमा पाहिल्यापासून तिचं पोरगं तापानं फणफणत होतं. बाप्पा, पाहता पाहता लोकाईनं घेरलं. कोणी काठी उचलली, कोणी माह्ये केस धरले. आज मी मेली, एवढंच समजून राहिलं होतं.

"अरे, झूठ है! मैंने लिखा है!" हे ओरडले.

"तू ही तो बोला था, सत्य घटना," एक जण म्हणाला.

ह्याईचा चेहरा पांढराफटक पडला. धावत बाजूच्या दुकानातून सेल, बल्ब, वायर घेतली, अन् गर्दीतल्या त्या पोराच्या आजीले हात जोडून दुकानाच्या अंधाऱ्या कोठीत नेलं. मलेही केस धरून ओढत मागं आणलं, लेकरू घेऊन त्याची मायही आली. वायर जोडता जोडता ह्याईच्या हातून बल्ब खाली पडला. पुन्हा उचलला, स्वतःच्या तोंडात धरला. पेटला! म्हातारीनं तो हिसकला, आपल्या बोळक्या तोंडात घातला अन् नातवासमोर आ केला. लेकरू हसलं. तवा माह्ये केस सुटले.

त्याच्यानंतर ह्याईनं एकच सिनेमा काढला, त्यातही भूत मीच. सुरुवातीलेच स्वतः पडद्यावर येऊन हात जोडले, "ये सब झूठ है. ये मेरी घरवाली है, कांता." लोक शिव्या देत उठून गेले. पुन्हा कोणी बोलावलं नाही, डायरेक्टरकी तिथंच संपली.

रिकाम्या सतरंजीवर मी एकटी बसून तो शेवटपर्यंत पाहिला. त्या बाजारानंतर पहिल्यांदा मले भेव वाटलं नाही.