पाठदुखीची चिठ्ठी

अकरा वर्षं झाली, दुबई इन्व्हेस्टमेंट्स पार्कातल्या एका सिक्युरिटी कंपनीचे गार्ड राहतात त्या कॅम्पवर मी एचआरमध्ये आहे. गार्ड आजारी पडला की डॉक्टरकडे जायची चिठ्ठी मी देते. 'काय त्रास आहे' असा त्यात रकाना असतो. तिथे मनाचं काही लिहायचं नाही, हे पहिल्याच महिन्यात कळलं. लिहिलं की फिटनेसचा प्रश्न निघतो, मग लायसन्सचा, मग खलास! आपल्या रत्नागिरीच्या पोरांना मी सरळ सांगते, "पाठ दुखते म्हण." दोन दिवस विश्रांती तरी मिळते बिचाऱ्यांना.

एका युगांडाच्या गार्डच्या बाबतीतही मी तेच केलं. दुबई मरीनातल्या एका राहत्या टॉवरच्या दारावर असायचा. समोर बसून म्हणाला, "मॅडम, ड्यूटीवर उभ्या उभ्या रडू येतं." खरं सांगते, माझ्या मनात पहिल्यांदा काय आलं? एवढा धिप्पाड काळा माणूस, याला कसलं रडू! आता लाज वाटते. 'पाठदुखी' लिहून मी मोकळी झाले. तो मलम घेऊन आला. महिन्याने पुन्हा गेला, तेव्हा कमरेचा पट्टा मिळाला.

तिसऱ्यांदा चिठ्ठीला आला तेव्हा म्हणाला, "माझी पाठ चांगली आहे. मी सांगतो ते लिहा ना."

मी वैतागले. "अहो बाबा, तुमच्या भल्यासाठीच करतेय!"

तो जागचा हलेना. शेवटी लिहिलं एकदाचं खरं.

सुपरवायझर चिठ्ठी वाचून हसला. "इतना तगडा आदमी, इसको क्या टेन्शन?" दुसऱ्या दिवशी त्या गार्डची बदली रास अल खोरच्या एका गोदामावर. का, तर टॉवरमधले रहिवासी घाबरतील म्हणे! तिथे दिवसभर बोलायला माणूस नाही. मी भांडले, ईमेल केले, उपचाराच्या मंजुरीसाठी इन्शुरन्सवाल्यांच्या मागे लागले. जो तो म्हणायचा, इन्शाल्ला, होईल. थकले हो मी. सहा आठवड्यांनी मानसोपचाराच्या डॉक्टरांची वेळ मिळाली, मंगळवारची.

तो गेलाच नाही. मी फोन केला.

"एकदम फिट आहे, मॅडम. तेव्हा जरा थकलो होतो, एवढंच."

आवाज अगदी हसरा. मी दोनदा, तीनदा विचारलं, त्याने दाद लागू दिली नाही. असं बोलायला इतकी वर्षं मीच सगळ्यांना शिकवत आले, आणि आता त्याच्याकडून खरं कसं काढायचं ते मला येत नव्हतं.