सही झाल्याशिवाय पेटी उघडायची नाही

बंगालात, बेहाला या वस्तीतल्या त्या तिसऱ्या मजल्यावरच्या फ्लॅटमध्ये कुणी गेम कन्सोल दुरुस्तीला घेऊन आलं, की त्याला आधी चहा मिळतो आणि मग एक कागद. यंत्र कोणतं, त्यात आत्ता काय चालतं, काय चालत नाही, आणि ते किती वाजल्यापासून किती वाजेपर्यंत बंद राहिलेलं चालेल, हे सगळं त्यावर लिहायचं. खाली मालकाची सही. सही नसेल तर भालचंद्र खांबेटे यंत्राला बोटही लावत नाहीत. दुसरा प्रश्न असतो, "गेमची विकत घेतलेली मूळ चकती तुमच्याकडे आहे का?" नसेल तर चहा संपवायचा आणि आपलं यंत्र घेऊन घरी जायचं. फुकटचे गेम भरून देणारे लोक शहरात पुष्कळ आहेत, खांबेटे त्यांतले नाहीत. लोक कुरकुरतात, हसतात आणि सही करतात, कारण खांबेट्यांच्या हातून आजवर एकही यंत्र मेलेलं नाही.

खांबेटे आता चौऱ्याहत्तर वर्षांचे आहेत. मिरजेचा हा माणूस रेल्वेत सिग्नल इन्स्पेक्टर म्हणून बंगालात आला, चाळीस वर्षं रुळांच्या कडेने हिंडला, गार्डन रीचमधल्या रेल्वेच्या मुख्यालयातून निवृत्त झाला, आणि परत जायचं जायचं म्हणत इथेच राहिला. घरातल्या सगळ्या कड्याकोयंड्यांना महिन्याच्या एक तारखेला तेल. फ्रिजमधला बर्फ काढायचा असला तरी आदल्या दिवशी स्वयंपाकघराच्या दारावर चिठ्ठी. त्यांच्या बायकोने, आशाताईंनी, अशा चिठ्ठ्यांवर चाळीस वर्षं डोकं आपटून घेतलं होतं.

चिठ्ठीचं हे खूळ रेल्वेतलं. सिग्नलच्या कुठल्याही पेटीला हात लावायचा, तर आधी स्टेशन मास्तरला लेखी कळवायचं. त्याला डिस्कनेक्शन मेमो म्हणतात. मास्तर वाचतो, विचारतो, पटलं तर सही करतो, आणि मगच पेटी उघडते. काम झालं की रीकनेक्शन मेमो. काय तपासलं ते त्यात लिहायचं, मास्तरने स्वतः चालवून बघायचं, पुन्हा सही. मधल्या वेळात त्या यंत्रावर कुणी विसंबून राहायचं नाही. न वाचता सही ठोकणाऱ्या कितीतरी मास्तरांना खांबेट्यांनी तोंडावर झाडलं होतं, आणि त्या गोष्टी घरी येऊन रंगवून सांगितल्या होत्या. पुढे त्या त्यांच्याच अंगावर येणार आहेत हे तेव्हा त्यांना कुठे ठाऊक होतं!

दोन वर्षांपूर्वी ज्येष्ठातल्या एका सकाळी आशाताईंच्या हातातून पोहे चाळायची चाळणी पडली आणि त्यांना ती उचलता येईना. पक्षाघाताचा झटका. पाय महिन्याभरात सुधारला, बोलणं तर पहिल्या आठवड्यातच पूर्वीइतकं धारदार झालं, पण उजवा हात मांडीवर पडून राहिला. व्यायाम शिकवायला मौमिता नावाची हसरी फिजिओथेरपिस्ट येऊ लागली. चेंडू दाबा, सोडा. दोरी ओढा, सोडा. आशाताई तीस वर्षं रेल्वेच्या शाळेत गणित शिकवलेल्या. त्यांना कंटाळा म्हणजे अपमान वाटे. चौथ्या महिन्यात त्यांनी चेंडू डाव्या हाताने बाल्कनीतून खाली टाकून दिला.

मग दिवाळीची सफाई करताना कपाटातून मुलाचा, नचिकेतचा, जुना कन्सोल निघाला. टीव्हीला जोडायचा, हातात रिमोट धरून हवेत फिरवला की पडद्यावर टेनिसची रॅकेट फिरते असला. नचिकेत बंगळुरूला जाऊन बारा वर्षं झाली होती. पूर्वी आशाताई त्यावर पोराला हरवायच्या. आता त्यांनी रिमोट उजव्या मुठीत पट्टीने बांधून घेतला आणि सर्व्हिस करायला हात उचलला. तो पोटापर्यंत आला. चेंडू जाळ्यात गेला. "पुन्हा," त्या म्हणाल्या. त्या दिवशी त्या चाळीस वेळा "पुन्हा" म्हणाल्या. नुसतं मनगट हलवूनही चेंडू जातो हे त्यांना माहीत होतं, पण त्यांनी एकदाही तशी चोरी केली नाही. माघ संपेतो हात छातीपर्यंत आला, चैत्रात खांद्यापर्यंत. मौमिताने टाळ्या वाजवल्या, आणि स्वयंपाकघरात जाऊन खांबेट्यांना हळूच सांगितलं की पहिल्या वर्षात हात जेवढा परत येतो तेवढा पुढे येणं कठीण असतं, तेव्हा हे थांबू देऊ नका.

आणि नेमका त्याच सुमाराला कन्सोल चकत्या वाचेनासा झाला. तिनातून एकदा वाचायचा, मग पाचातून एकदा. आशाताई रिमोट बांधून तयार, आणि पडद्यावर चकती पुसून घाला अशी सूचना. खांबेटे कन्सोलची पेटी घेऊन शहरात एस्प्लनेडजवळच्या दुकानात गेले. दुकानदार म्हणाला, "दादू, इसका रीडर अब मिलता नहीं है. मॉडिफाय करना पड़ेगा. छोड़ के जाइए, पंद्रह दिन लगेगा."

मॉडिफाय म्हणजे काय, हे खांबेट्यांनी तिथेच उभं राहून पाऊण तास विचारून घेतलं. पेटीच्या आतल्या मेमरीत एक नवा प्रोग्राम बसवायचा. मग पेटी चकतीवाचून, बाहेरच्या हार्ड डिस्कवरून गेम चालवते. पण आपल्याजवळच्या चकतीची नक्कल त्या डिस्कवर उतरवायची, तर पेटीतला चकती वाचणारा आजारी रीडर निदान एकदा शेवटपर्यंत चालायला हवा. म्हणजे जे करायचं ते तो पुरता मरायच्या आत. आणि नवा प्रोग्राम बसवताना चूक झाली तर पेटीच मरते, कायमची. पंधरा दिवस आशाताईंचा हात रिकामा ठेवणं खांबेट्यांना परवडणारं नव्हतं. ते पेटी पिशवीत घालून परत आले.

पुढचे आठ दिवस त्यांनी नचिकेतला फोनवर भंडावून सोडलं. इंटरनेटवरच्या सूचना छापून काढल्या, शब्दकोश घेऊन बसले. नवव्या दिवशी त्यांनी कोऱ्या कागदावर डिस्कनेक्शन मेमो लिहिला आणि आशाताईंपुढे ठेवला.

"सही कर."

"नाही करणार."

"अगं, नाही काय? रीडर आज आहे, उद्या नाही."

"तुम्ही काय करणार आहात ते मला कळलेलं नाही. न कळता सही करणाऱ्या मास्तरला तुम्ही काय म्हणायचात?"

खांबेटे लाल झाले. म्हणाले, पेटी माझ्या मुलाची आहे, मी उघडीन नाही तर खिडकीतून फेकीन. आशाताई म्हणाल्या, "मुलगा माझाही आहे. आणि पेटीवर विसंबून मी आहे, तुम्ही नाही. आत्ता ती पाचातून एकदा तरी चालते. तुम्ही मारलीत की मी काय करू? तो चेंडू दाबत बसू?" हे ऐकून खांबेटेच घाबरले.

दिवसभर अबोला. उघडायचं म्हटलं असतं तर त्यांना कोण अडवणार होतं? आशाताई दुपारी झोपत असत आणि स्क्रू चारच होते. पण ज्या माणसाने चाळीस वर्षं सहीवाचून एक पेटी उघडली नाही, त्याने घरातली उघडली नाही. मला विचाराल तर या माणसाचा मोठेपणा त्या एका दुपारीच दिसला. नंतरचं सगळं हातचं कसब.

दुसऱ्या दिवशी त्यांनी वही काढली आणि सगळं काम पायऱ्या पायऱ्यांनी मराठीत लिहिलं. सदतीस पायऱ्या झाल्या. आशाताईंनी डाव्या हातात लाल पेन धरलं आणि पेपर तपासावा तशी वही तपासायला घेतली. आठव्या पायरीत कार्ड कुठलं ते लिहिलेलं नाही. चौदाव्यात आतल्या मेमरीची जुनी नक्कल काढून ठेवायची, पण ती नीट निघाली हे कळणार कसं? खांबेटे उत्तरं देत गेले, लिहीत गेले. मग एकविसावी आली.

"'नवा प्रोग्राम लिहिला जात असताना थांबणे. या वेळी यंत्र बंद होता कामा नये.' आणि झालं तर?"

"कोण करतंय बंद? दार लावून बसतो."

"लाइट गेली तर?"

"हल्ली कुठे जाते लाइट?"

"खांबेटे," आशाताई म्हणाल्या. रागावल्या की त्या आडनावाने हाक मारत. "आपण या शहरात आलो तेव्हा रोज संध्याकाळी कंदील पुसत होतात ते विसरलात? आणि वैशाख लागलाय. दुपारी वादळ आलं की तारा पडतात."

सिग्नलच्या प्रत्येक खोलीत बॅटऱ्यांची रांग लावून घेणारा माणूस स्वतःच्या घरात हे विसरला होता. त्यांना मनापासून लाज वाटली, आणि त्यांनी ती बोलूनही दाखवली. संध्याकाळी ते यूपीएस घेऊन आले. पेटीला एका छोट्या दिव्याइतकीच वीज लागते, टीव्हीला फार, म्हणून फक्त पेटी त्यावर जोडायची, म्हणजे ती तासभर तग धरील, असा हिशेब त्यांनी बायकोला समजावून सांगितला. ती अडतिसावी पायरी झाली. आशाताईंनी वही मिटली आणि मेमोवर डाव्या हाताने, पहिलीतल्या मुलीसारखी सही केली. शनिवार, दुपारी तीन ते पाच.

शनिवारी त्या पायऱ्या वाचत होत्या आणि खांबेटे एकेक पायरी मोठ्याने परत म्हणून मगच करत होते. विसाव्या पायरीला खिडकीबाहेर धुळीचा लोट उठला. त्यांनी थांबायला हवं होतं का? दोघांनी एकमेकांकडे पाहिलं. आशाताई म्हणाल्या, "तयारी याच्यासाठीच केलीय." एकविसावी सुरू झाली, पडद्यावरची रेघ अर्ध्यावर आली आणि सगळं बेहाला अंधारलं. पंखा थांबला, टीव्ही काळा झाला. खालच्या गल्लीत पत्रा कोसळला. अंधुक खोलीत फक्त पेटीचा हिरवा ठिपका राहिला, आणि यूपीएस ओरडायला लागला.

आता आत काय चाललंय हे कळायला मार्गच नव्हता. काम झालं? अडकलं? पेटी काही विचारत असेल आणि आपण उत्तर देत नसू? खांबेट्यांचा हात आपोआप बटणाकडे गेला.

"हात लावू नका."

"अगं पण..."

"सही माझी आहे. दिवा हिरवा आहे ना? मग बसा."

ते बसले. चाळीस मिनिटं बसले. यूपीएस ओरडत राहिला, पाऊस झोडपत राहिला, आणि आयुष्यभर दुसऱ्यांना धीर देणारा हा माणूस गुडघ्यांवर हात ठेवून त्या हिरव्या ठिपक्याकडे पाहत घामाने निथळला. आशाताई वहीचं पान बोटाने धरून होत्या. पावणेपाचला वीज आली, टीव्हीने डोळे उघडले, आणि पडद्यावर काम पूर्ण झाल्याचे इंग्रजीत चार शब्द दिसले. आशाताईंनी ते वाचले आणि शांतपणे पुढची पायरी सांगितली, "बाविसावी."

चकतीची नक्कल उतरवायला मात्र पुढचे तीन दिवस गेले. रीडर मध्येच दम टाकायचा आणि सगळं पहिल्यापासून. खांबेट्यांनी चकती मऊ कापडाने पुसली, पेटीवर टेबलफॅन धरला, ती उभी ठेवली, आडवी ठेवली. मंगळवारी सकाळी नक्कल शेवटपर्यंत उतरली. त्यानंतर त्या रीडरने एकही चकती वाचली नाही, पण आता त्याची गरज उरली नव्हती.

रीकनेक्शन मेमो पुढे आला. आता मास्तरने स्वतः चालवून बघायचं. गेल्या काही आठवड्यांत खेळ फारसा झालाच नव्हता, हात जड झाला होता, आणि ते दोघांनाही माहीत होतं. खांबेट्यांनी पट्टीने रिमोट बांधला. हार्ड डिस्कवरून टेनिसचं मैदान उघडलं, एकदाही न अडखळता. आशाताईंनी हात उचलला. पोट. छाती. तिथे तो थांबला. दात आवळून त्यांनी तो वर नेला, खांद्यापर्यंत, आणि खांद्याच्या चार बोटं वर, जिथे तो अकरा महिन्यांत कधीच गेला नव्हता. चेंडू जाळ्यावरून पलीकडे पडला.

त्या हसल्या नाहीत, रडल्या नाहीत. "पुन्हा," एवढंच म्हणाल्या. पुन्हा गेला.

खांबेटे टेबलाकडे वळून मेमो भरत बसले, तोंड भिंतीकडे करून, बराच वेळ. मग त्यांनी कागद पुढे केला. 'कोणते यंत्र तपासले' या रकान्यात त्यांनी पेटीचं नाव लिहिलं नव्हतं. लिहिलं होतं: 'उजवा हात. व्यवस्थित चालतो.'

आशाताईंनी वाचलं. डाव्या हाताने पेन उचललं आणि तसंच धरून ठेवलं.

"'व्यवस्थित' खोडा," त्या म्हणाल्या. "अजून तसा नाहीये. खोटं लिहिलेल्यावर मी सही करणार नाही."

खांबेट्यांनी एक शब्द खोडला, बाजूला आपली आद्याक्षरं लिहिली, वेळ घातली. उरलं ते 'उजवा हात. चालतो.' त्याच्याखाली आशाताईंनी सही केली.