पुलियाखालचा पाइप

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. बायकोलाही नाही — म्हणजे पाइपाचं तिला ठाऊक आहे, पण त्या दिवशी मी काय बोललो ते नाही. मग तुम्हाला का सांगतोय? तुम्ही मला ओळखत नाही म्हणून. माझी हिंमत तेवढीच.

राजुऱ्याच्या अलीकडे आमचं गाव. तिथे माझं मेडिकल आहे. गावात मला 'नालीवाले भाऊ' म्हणतात — आदरानं, बरं का! उघड्या नालीविरुद्ध नागपुरात हायकोर्टात जनहित याचिका मीच लावली. लोकांना तापाच्या गोळ्या विकून विकून जीव विटला म्हणून, असं मी भाषणात सांगतो. टाळ्या पडतात. टाळ्या वाजवणारे तरी कोण? घरचा केर नालीत ढकलून सभेला आलेले. त्यांना शोभेलसाच पुढारी मिळालाय.

याचिकेवर माझ्या सहीखाली यशोदाबाईचा अंगठा आहे. ही ढिवरांची बाई, आमच्या घराजवळ नालीवर छोटा पूल आहे, त्या पुलियावर मासे विकायला बसायची. नालीचं पाणी तलावात उतरतं, मासे मरतात, हे पहिल्यांदा तिनंच मला सांगितलं. मी ते उचललं आणि वकिलाकडे नेलं. इथवर माणूस बरा वाटतो ना? थांबा.

आमच्या घरचा संडास — कसं सांगू — त्याच नालीत जातो. टाकी सारखी भरायची. उपसायची गाडी बोलवा, तो वास, शेजाऱ्यांची वाकडी तोंडं. मिस्त्री म्हणाला, सगळेच सोडतात. मीही पाइप टाकून घेतला. दारापुढच्या नालीवर फरशी, फरशीवर तुळशीची कुंडी. पाइपाचं तोंड मात्र पुढे पुलियाखाली, यशोदाबाईच्या बैठकीच्या मागे. याचिकेत मी गल्लीतल्या घराघरांचे पाइप दाखवले. माझा सोडून!

मग कोर्टानं पाहणीला माणसं पाठवली. साहेब नाकाला रुमाल लावून पुलियाखाली वाकले आणि म्हणाले, हे काळं पाणी कुणाचं? मी शेजारीच उभा — कपाळाला टिळा, गळ्यात हार. एकच शब्द सांगायचा होता. माझं. त्याऐवजी मी म्हणालो, "मासेवाल्यांचं, साहेब. इथेच मासे धुतात, घाण आत सोडतात."

साहेब यशोदाबाईकडे वळले. पाइप टाकताना ती तिथेच बसलेली होती, तिनं सगळं पाहिलं होतं. तिनं एकदा माझ्याकडे पाहिलं. मग म्हणाली, "भाऊ म्हनून राह्यले तं तसंच लिवा, साहेब. मले कायद्यातलं काय समजते?"

साहेब पुढे गेल्यावर तिनं हळूच विचारलं, "केससाठीच म्हनलं ना, भाऊ?"

मी 'हो' म्हणून मान हलवली. खोटं एकदाच बोललो असतो तर भित्रा म्हटलं असतं स्वतःला. या मान हलवण्याला काय म्हणू? मला तरी नीच हाच शब्द सापडतो.

निकाल आमच्या बाजूनं लागला. नाली झाकली, पुलियावरच्या मासेवाल्यांना उठवलं. माझा सत्कार झाला, त्याची शाल कपाटात आहे. पाइप आता कुणालाच दिसत नाही. काँक्रीटच्या खाली तो तसाच चालू आहे, आणि पाणी उतरतं तलावातच.

यशोदाबाई टोपली घेऊन दारोदार फिरते. नाली घाण करणारी बाई हे नाव तिला चिकटलंय, बरीच दारं उघडत नाहीत. माझ्या दारी मात्र हक्कानं येते. "घ्या भाऊ, ताजे झिंगे हायेत." मी घेतो. घासाघीस करत नाही. बायकोला वाटतं, मला तिची दया येते — दया! ती गल्लीच्या वळणापलीकडे गेली की ते झिंगे मी मागच्या दारी कुत्र्यांना घालतो. त्या तलावात काय उतरतं ते मला ठाऊक आहे.

टोपलीत उरलेले ती घरी नेते, आणि तेच रांधून घरचे सगळे जेवतात.