मुलाणीबाईंची खुर्ची

गौरवग्रंथाच्या संपादकांनी बजावलं आहे की लेख प्रसन्न असावा. प्रयत्न करते, पण आधीच सांगते, माझं चित्त थाऱ्यावर नाही. डॉ. हमीदा मुलाणी, म्हणजे आमच्या बाई, पंचाहत्तरी झाली न झाली तोच मुलाकडे कॅनडाला कायमच्या राहायला निघाल्या आहेत. जन्मभर परदेशी गेलेल्या माणसांचा इतिहास शिकवला, आणि आता स्वतःच निघाल्या! मी लिहायला बसते, उठते, चहा टाकते, तो उतू जातो. असं चाललं आहे.

बाईंची पहिली ओळख झाली तीच वादातून. मी पुण्याजवळच्या रिहे गावची, भातशेतीवाल्या घरातली; पुण्यात कॉलेजचं पहिलं वर्ष. बाई वेल्श लोकांविषयी सांगत होत्या. इंग्लंडच्या शेजारच्या वेल्समध्ये शाळेत पोरं आपल्या भाषेत बोलली की शिक्षा व्हायची. तेव्हा काही कुटुंबं जहाजात बसली आणि थेट दक्षिण अमेरिकेच्या टोकाला, पॅटागोनियाच्या उजाड माळावर उतरली. तिथे तरी आपली भाषा बोलता येईल म्हणून. मी ताडकन उठले आणि म्हणाले, "पोटासाठी जात्यात मानसं. भाषेसाठी कोन जातंय?"

वर्ग खदाखदा हसला. माझ्या प्रश्नाला नव्हे, बोलण्याला. माझे कान तापले. बाई खडू खाली ठेवून म्हणाल्या, "पोट तर हायेच, पोरी. पन ह्ये लोक भाषेसाठीबी गेलते. लाज वाटाय लागली की भाषा संपती, ह्ये त्येंना कळलं हुतं." हसणारी पोरं सावरून बसली. डॉक्टरेट झालेली प्राध्यापक आमच्यासारखं बोलते, हे कुणी ऐकलंच नव्हतं. मग कळलं, बाई आमच्या शेजारच्याच पौडच्या. बाजारात त्यांच्या वडिलांचं कापडाचं दुकान होतं. "तुम्ही घरी उर्दू बोलत असाल ना?" असं कुणी विचारलं की त्या सांगत, "आमच्या घरात भांडणंसुद्धा मराठीतच होतात."

हे वाक्य गमतीचं वाटेल, पण बाईंची संशोधनाची सगळी पद्धत त्यात आहे. पॅटागोनियात त्या महिनोन्‌महिने राहिल्या. तिथल्या शाळा, कचेऱ्या, बाजार केव्हाच स्पॅनिश झाले होते. लोकांना विचारलं तर "आम्ही वेल्शच बोलतो" असं अभिमानाने सांगायचे, आणि बाईंचा त्यावर विश्वास नसे. त्या स्वयंपाकघरात जाऊन बसायच्या आणि आजी नातवंडांवर कोणत्या भाषेत ओरडते ते ऐकायच्या. "माणूस रागावतो तेव्हा खोटं बोलत नाही, कागद मागाहून बघ," असं त्या आम्हाला सांगत. विद्वानांनी नाकं मुरडली. बाईंचं पुस्तक आलं तेव्हा त्यांनीच ते आधी वाचलं.

दुसऱ्या वर्षी ऐन लावणीत माझे वडील, दादा, पाय मोडून पडले आणि माझं कॉलेज सुटायची वेळ आली. बाई रिह्याला आल्या. मी चिखलात वाकलेली, त्या बांधावर छत्री घेऊन उभ्या, आणि वेल्श शेतकऱ्यांनी त्या कोरड्या माळावर नदीचं पाणी पाटाने कसं खेळवलं ते मोठमोठ्याने सांगताहेत! दादा पडवीतून ओरडले, "भात लावला का त्येंनी?" "न्हाई दादा, गहू." "मग काय मजा?" दादा म्हणाले. लावणी संपेपर्यंत बाई अशाच शिकवायला येत राहिल्या. मी परीक्षा दिली. आज मी इतिहास शिकवते ती त्या बांधामुळे.

आणि खुर्ची! वेल्श लोक जिथे गेले तिथे आपली काव्यस्पर्धा घेऊन गेले. कवी टोपणनावाने कविता देतो. परीक्षकांनाही तो ठाऊक नसतो. सभेत टोपणनाव पुकारलं की गर्दीतून विजेता उठतो आणि त्याला मानाच्या लाकडी खुर्चीत बसवतात; ती खुर्ची त्याचीच होते. निवृत्तीनंतर बाईंनी हे रिह्यात सुरू केलं. अट एकच, मजकूर घरच्या बोलीत हवा. पहिल्या वर्षी मंचावर मधोमध हार घातलेली सागवानी खुर्ची ठेवली होती. आमच्याकडे अशी खुर्ची दिसली की काय होणार? पाहुणे म्हणून आलेले पुढारी थेट जाऊन बसले, हार स्वतःच्या गळ्यात घातला आणि भाषण सुरू! आम्ही गारठलो. बाई जवळ गेल्या. "साहेब, उठा. ती खुर्ची तुमची न्हाई." साहेब उठले. सतरंजीवर बसून शेवटपर्यंत ऐकत राहिले, हेही सांगितलं पाहिजे.

यंदा बाईंनी परीक्षकपण सोडलं. "मी जानारी बाई, आता तू बघ," म्हणाल्या. मी इतकी चिडले होते की मजकुरांचा गठ्ठा उचलून तडक निघाले. आलेल्या मजकुरांत 'पाव्हणी' या नावाचा एक होता. एक आजी म्हणते, "फोनवर मी नातीला रागावले तर ती हसली. तिला माझा रागच कळत न्हाई. म्हनून मी जातेय, तिला रागवायला." मला वाटलं, ही जवळच्या जांबे गावची कुणी म्हातारी असणार; नात शेजारच्या हिंजवडीच्या टॉवरात इंग्रजीत वाढते आहे. तेवढ्या अंतरातही आजी परकी होतेच की. वाचताना डोळे भरून आले. मी निकाल लावला आणि सभेत पुकारलं, "पाव्हणी!"

बाई उभ्या राहिल्या.

माझा सगळा राग तिथेच गळून गेला. खुर्चीत बसल्यावर बाईंचे पाय जमिनीला टेकत नव्हते. मला जवळ बोलावून म्हणाल्या, "इमानात न्हाई मावायची ही. तुज्या घरी ठिव. आन कुनी साहेब बसला तर उठीव."

बाई, खुर्ची आमच्या पडवीत आहे. साहेबांना उठवायचं काम मी चोख करीन. तुम्हाला उदंड आयुष्य लाभो, गुडघे धड राहोत, तिकडची थंडी न बाधो. पण माझं खरं मागणं निराळं आहे. तुमच्या नातीने लवकरात लवकर तुमच्याशी कडाकडा भांडावं, आणि तेही पौडच्या मराठीत. ती तुम्हाला "आज्जे, तुला काय बी कळत न्हाई" म्हणाली, की तिला घेऊन थेट रिह्याला या.